काळ हाताळणारी प्रजाती रचताना: आधी तिला थंडी वाजू द्या

प्रश्न थोडक्यात असा: कादंबरीसाठी 'निमिष' नावाची एक बुद्धिमान प्रजाती रचली आहे. निमिष काळ थांबवतात, मागे नेतात आणि पुढचं पाहतातही. तिसऱ्या प्रकरणात माणसं निमिषांच्या एका मुलीला डांबून ठेवतात. तिची आई काळ थांबवते, आत जाते आणि मुलीला घेऊन येते. अडचण सुटली, पण कथाही तिथेच संपली. आता काय करायचं?

विज्ञानकथा लिहिणं आणि इतरांच्या संहिता तपासणं हेच माझं काम, आणि ही अडचण मला सारखी दिसते. नवे लेखक त्यावर उपाय म्हणून एखादा मंत्र, एखादा खडा, एखादी 'दिवसातून तीनदाच' अशी अट आणतात. वाचकाला त्या अटीचा वास लगेच येतो. लेखकाला गरज होती म्हणून ती आली आहे हे त्याला कळतं. माझं म्हणणं वेगळं आहे: काळ हाताळणं ही शक्ती समजू नका, शरीराची क्रिया समजा. पचनासारखी, घामासारखी. मग तिच्या मर्यादा शोधाव्या लागत नाहीत, आपसूक पुढे येतात.

त्याआधी तीनपैकी दोन गोष्टी काढून टाका. काळाचा वेग बदलणं, काळात मागे जाणं आणि भविष्य जाणणं ही तीन वेगवेगळी सामर्थ्यं आहेत, आणि प्रत्येकातून वेगळीच प्रजाती तयार होते. तिन्ही एकत्र दिलीत की उरतो तो देव, आणि देवाला डांबता येत नाही.

मी तुमच्या जागी असते तर वेग ठेवला असता. एक तर निसर्गात तो खरोखर बदलतो. ऑक्टोबर १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोन शास्त्रज्ञांनी सीझियमची आण्विक घड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली. पूर्वेकडे गेलेली घड्याळं सुमारे ५९ नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. जीपीएसच्या उपग्रहांवरचं घड्याळ जमिनीवरच्यापेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे धावतं, आणि ती दुरुस्ती केली नाही तर नकाशावरचा ठिपका दिवसागणिक काही किलोमीटर भरकटत जाईल. २०१० साली तर दोन घड्याळांच्या उंचीत जेमतेम ३३ सेंटिमीटरचा फरक असतानाही काळाच्या वेगातला फरक मोजता आला. म्हणजे तुमच्या डोक्याचा काळ तुमच्या पायांच्या काळापेक्षा किंचित वेगाने चालतो, आत्ता, हे वाचताना.

किंचित हा शब्द मात्र विसरू नका. गुरुत्वाकर्षणाच्या, म्हणजे वस्तू उंच नेण्याच्या, हिशोबाने एक किलो वस्तूचा काळ हजारात एक भाग, फक्त एक भाग, वेगवान करायचा असेल तर जवळपास ९ × १०^१३ ज्यूल ऊर्जा लागेल. नागासाकीवर पडलेल्या बॉम्बची ऊर्जा साधारण तेवढीच होती. कोणताही प्राणी हे जेवून मिळवू शकत नाही. त्यामुळे इथे तुम्हाला एक थाप मारावीच लागेल: 'निमिषांना ती ऊर्जा कुठूनतरी मिळते.' खुशाल मारा. विज्ञानकथेत एका थापेची मुभा असते आणि वाचक ती आनंदाने गिळतो. पण त्यानंतरचा सगळा हिशोब चोख हवा. पहिली थाप झाकायला दुसरी मारलीत की वाचक पुस्तक मिटतो.

आता हिशोब करून पाहू. एक निमिष स्वतःभोवतीचा काळ दहा टक्के वेगवान करते. बाहेर दहा सेकंद होतात तेव्हा तिची अकरा झालेली असतात. बाहेरून येणारा प्रकाश तिला मंदावलेला वाटतो, म्हणजे त्याची वारंवारता घटते आणि रंग लाल टोकाकडे सरकतात. सोडियमच्या दिव्याचा पिवळा तिला लाल दिसतो, हिरवं पान पिवळसर होतं. कुणी बाहेर सा लावला तर तिला तो खालच्या कोमल आणि शुद्ध निषादांच्या मधे कुठेतरी ऐकू येतो, म्हणजे माणसांचं सगळंच गाणं तिच्या सुरापेक्षा उतरलेलं. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे तिला थंडी वाजते. बाहेरून येणारी बरीचशी उष्णताही किरणांनीच येते, तीही मंदावते. बाहेर २७ अंश सेल्सियस असेल तर दहा टक्के वेगवान निमिषाला ते शून्याच्या आसपास भासेल. हे माझ्या मनाचं नाही. जिथे काळ जलद चालतो तिथे उष्णतेच्या समतोलात तापमान कमी असतं, हे टोलमन आणि एहरेनफेस्ट या भौतिकशास्त्रज्ञांनी १९३० मध्येच मांडलं होतं.

उलट करून पाहा. काळ दहा टक्के मंद केला की बाहेरचं जग तापतं. उणे तीन अंशांची थंडी सत्तावीस अंशांसारखी सुखद वाटते. रंग निळ्या टोकाकडे सरकतात, आणि आपल्या डोळ्यांना एरवी न दिसणारा अवरक्त प्रकाश दृश्य पट्ट्यात येतो. पानं अवरक्त भरपूर परावर्तित करतात, म्हणून मंद निमिषांना रान लालसर दिसतं.

इथपर्यंत आलात की तुमच्या प्रजातीचा भूगोल आपोआप मांडला जातो. वेगाने जगणारे निमिष उष्ण प्रदेशात राहतील, ज्वालामुखीजवळ, गरम झऱ्यांजवळ, अंगावर जाड केस आणि चरबी घेऊन. मंद जगणारे बर्फात, अंधाऱ्या गुहांत. त्यांना ऊन सोसत नाही, कारण दहापट मंद झालेल्याला साधा सूर्यप्रकाशसुद्धा घातक अतिनील किरणांसारखा लागतो. एकाच प्रजातीचे दोन समाज, आणि दोघांना एकमेकांच्या घरी जाता येत नाही. एवढ्यावर निम्मी कादंबरी उभी राहते.

आता तुमचा तिसऱ्या प्रकरणातला प्रसंग याच नियमांत घालते. आईला दहापट वेग द्या, थांबवणं नको. काळ पूर्ण थांबला तर प्रकाशही तिच्यापर्यंत पोचणार नाही, ती ठार आंधळी होईल आणि हवा भिंतीसारखी घट्ट लागेल. दहापट वेगातसुद्धा हाल कमी नाहीत. दृश्य प्रकाश तिच्यासाठी अवरक्तात गेला, म्हणून पहारेकऱ्यांचे दिवे तिला दिसत नाहीत, खोलीत मिट्ट काळोख आहे. माणसांच्या बोलण्याचा मूळ सूर तिच्या कानाच्या आवाक्याखाली उतरलेला आहे. भोवतालचे ३०० केल्विन, म्हणजे २७ अंश सेल्सियस, तिला ३० केल्विनसारखे, म्हणजे उणे २४३ अंशांसारखे भासतात. शरीर माणसाएवढं धरलं तर ते एरवीही साधारण नऊशे वॅट उष्णता किरणांनी बाहेर टाकत असतं; भोवतालकडून जवळपास तेवढीच परत मिळते म्हणून आपल्याला जाणवत नाही. तिला परत काहीच मिळत नाही. बाहेरचं एक मिनिट म्हणजे तिची दहा मिनिटं, आणि तेवढ्यात तिचं अंग दोन अंशांनी उतरतं. माणसाच्या शरीरात दोन अंश उतरले की बोटं ऐकेनाशी होतात, विचार अडखळतो.

ती गुपचूप जाऊ शकते असंही नाही. तिच्या अंगातून निघणारा उष्णतेचा प्रत्येक किरण बाहेरच्यांना दहापट ऊर्जेचा आणि दहापट दराने मिळतो, म्हणजे शंभरपट. नऊशे वॅटचे नव्वद हजार होतात. खोलीत दोन किलोवॉटचे पंचेचाळीस हीटर एकदम पेटावेत तसं. शिवाय तिच्या अंगाचं किरणोत्सर्जन बल्बच्या तापलेल्या तारेच्या पट्ट्यात सरकलेलं असतं, म्हणून पहारेकऱ्याला ती दिसते: एक झळाळती, तांबूस-पिवळी आकृती, नजर ठरत नाही अशी, आणि चेहऱ्याला चटका. गोठत चाललेली आई बाहेरच्यांना आगीसारखी दिसते. हे मला कल्पनेने सुचलं नसतं, हिशोबाने सुचवलं.

मग ती मुलीपर्यंत पोचते आणि थबकते. दहापट वेगाने हात लावला तर त्या हाताची ऊर्जा शंभरपट असेल. प्रेमाने थोपटलं तरी हाड मोडेल. मुलीला उचलायचं तर आधी तिच्या काळात उतरायला हवं, आणि उतरली की पहारेकऱ्यांच्या बरोबरीला आली. तो एक क्षण तुमच्या प्रकरणाचा गाभा आहे. तिथे ती काय करते यावर सहा-सात पानं लिहा. आत्ताच्या मसुद्यात तुम्ही ते एका वाक्यात उरकलं आहे.

वेगाची आणखी एक किंमत आहे, आणि ती कुणाला चुकत नाही: वय. जो वेगाने जगला तो लवकर म्हातारा झाला. दहापट वेगाने लढणारा योद्धा बाहेरच्या सहा वर्षांत साठ वर्षांचा होतो. मंद झोपलेली आजी नातीपेक्षा तरुण असू शकते. आपल्याकडे ककुद्मी राजाची गोष्ट आहेच. मुलगी रेवती हिच्यासाठी वर विचारायला तो ब्रह्मदेवाकडे गेला, तिथे गाणं चालू होतं म्हणून जरा थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटून गेली. मनात योजलेले सगळे वर, त्यांची मुलं-नातवंडं, कुणीही उरलं नव्हतं. त्या गोष्टीत मला नेहमी राजापेक्षा रेवतीची जास्त काळजी वाटते. तिला कुणी विचारलंच नाही. असो. मुद्दा हा की निमिषांना वयाचे दोन हिशोब ठेवावे लागतील, अंगाचं वय आणि जगाचं वय. मग थोरला कोण? पाया कुणी कुणाच्या पडायचं? वारसा कोणत्या वयाला मिळतो? कर्ज घेऊन कुणी बर्फात जाऊन मंद झोपला तर व्याज कोणत्या घड्याळाने चढतं? असले प्रश्न लढायांपेक्षा जास्त कथा देतात, आणि तुम्ही अजून त्यांना हात लावलेला नाही.

अशी प्रजाती उत्क्रांत कशी झाली हा प्रश्न वाचक विचारणार. पूर्ण उत्तर द्यायची गरज नाही, पण अर्धवट क्षमतासुद्धा उपयोगी होती हे दिसायला हवं; डोळा एका दिवसात तयार झाला नाही. निसर्गात त्याची बीजं सापडतात. सेकंदाला किती लुकलुकी वेगळ्या ओळखता येतात यात प्राण्या-प्राण्यांत मोठा फरक आहे: माणसाला साठच्या आसपास, माशीला अडीचशेच्या आसपास, लेदरबॅक कासवाला पंधराच्या जवळपास. ढोबळमानाने लहान अंगाचे, जलद चयापचयाचे प्राणी काळाचे बारीक तुकडे पाहतात. तलवार मासा त्याहून नवलाचा. थंड खोल पाण्यात शिकार करताना तो एका खास स्नायूने आपले डोळे आणि मेंदू गरम ठेवतो, आणि त्यामुळे हलणारं भक्ष्य त्याला थंड डोळ्यांपेक्षा कितीतरी बारकाईने टिपता येतं. म्हणजे उष्णता खर्चून काळ बारीक कापणारा प्राणी खरोखर आहे. दुसऱ्या टोकाला सायबेरियाच्या गोठलेल्या मातीतून काढलेले रोटिफर नावाचे सूक्ष्म जलचर: सुमारे २४,००० वर्षं निपचित पडून होते, उबेत आणल्यावर हलू लागले आणि त्यांनी पिल्लंही दिली. निमिषांचे पूर्वज या दोहोंच्या मधले कुणीतरी माना. आधी फक्त जाणीव जलद-मंद होत होती, मग कधीतरी तुमची ती एक थाप लागू झाली आणि जाणिवेबरोबर काळही हलायला लागला.

काळात मागे जाणं तुम्हाला सोडवतच नसेल तर एक ठरवा: मागे गेल्यावर भूतकाळ बदलतो की नाही. दोन्ही नियम एकाच पुस्तकात चालत नाहीत.

न बदलणारा भूतकाळ भौतिकशास्त्राला जास्त मानवतो. १९४९ मध्ये गणितज्ञ गोडेलने दाखवलं की आइन्स्टाइनच्या सापेक्षतेच्या समीकरणांत काळाच्या बंद वाटा, म्हणजे फिरून आपल्याच भूतकाळात येणाऱ्या वाटा, निघू शकतात. भौतिकशास्त्रज्ञ नोव्हिकोव्हचं म्हणणं असं की त्या वाटेवर जे घडतं ते आधीपासूनच स्वतःशी जुळलेलं असतं. पोलचिन्स्की या दुसऱ्या भौतिकशास्त्रज्ञाने त्यावर एक पेच टाकला: बिलियर्डचा चेंडू कृमिविवरात (वर्महोल, म्हणजे अवकाश-काळातला आडमार्ग) शिरतो, थोडा आधी बाहेर पडतो आणि आत शिरणाऱ्या स्वतःलाच धडकून बाजूला करतो. मग तो शिरला कसा? १९९१ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की त्याच सुरुवातीतून न अडखळणारी उत्तरंही निघतात. चेंडू स्वतःला नुसता चाटून जातो, त्या चाटण्याने त्याची वाट जराशी वळते, आणि त्या वळलेल्या वाटेमुळेच तो चाटून जातो. असं उत्तर एक नव्हे, अनेक. हॉकिंगचा मात्र निसर्ग असल्या वाटा बंदच ठेवतो यावर भर होता. त्याने २००९ मध्ये काळप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली, निमंत्रणं मेजवानी झाल्यावर पाठवली, आणि कुणीही आलं नाही. या नियमाची शोकांतिका उत्तम होते: आई मुलीला वाचवायला मागे जाते आणि तिच्या जाण्यामुळेच मुलगी पकडली जाते. पण असे घाट आधीच इतक्यांनी घातले आहेत की वाचक तिसऱ्या पानावर ओळखतो.

बदलणारा भूतकाळ घेतलात तर त्याला कात्री लावा. सात सेकंद, बस्स. निमिष फक्त सात सेकंद मागे जाऊ शकतात आणि पुसलेल्या सात सेकंदांची आठवण फक्त जाणाऱ्याला राहते. आता दोघांचं भांडण लिहून पाहा. एक काहीतरी लागट बोलतो, दुसरीचा चेहरा उतरतो, तो सात सेकंद मागे जातो आणि तेच गोड शब्दांत म्हणतो. तिला पहिलं वाक्य माहीतच नाही. पण ती याच समाजात वाढली आहे. इतकं बेतशीर बोलणं ऐकून ती म्हणते, "किती वेळा म्हणून पाहिलंस?" अशा समाजात सफाईदार बोलणाऱ्यावर कुणी विश्वास ठेवणार नाही. अडखळणं, शब्द चुकणं, तोंडातून भलतंच निघणं हा प्रामाणिकपणाचा पुरावा ठरेल. लग्नाची मागणी त-त-प-प करतच घातली पाहिजे, नाहीतर नकार.

आणि न्यायाचं काय? एकाने रागाच्या भरात दुसऱ्याच्या डोक्यात दगड घातला, मेलेला पाहिला, घाबरून मागे गेला आणि दगड खाली टाकला. मेलेला जिवंत आहे, हसतोय. गुन्हा झाला की नाही? फक्त गुन्हेगाराला तो आठवतो, आणि तो सगळं आयुष्य त्या माणसाशेजारी काढतो. इथे पुराव्याची गोम चांगली आहे. मागे जाणाऱ्याच्या शरीराचं वय मागे जात नाही, तर अंगावरचं घड्याळही मागे फिरत नाही. प्रत्येक वेळी ते भिंतीवरच्या घड्याळापेक्षा सात सेकंदांनी पुढे सरकतं. वयात एका वर्षाचा फरक पडायला पंचेचाळीस लाख वेळा मागे जावं लागेल, म्हणून चेहऱ्यावरून काही कळत नाही; घड्याळावरून मात्र लगेच कळतं. त्यामुळे या समाजात पाहुण्याने आल्या-आल्या मनगट पुढे करणं हा शिष्टाचार होईल, आणि घड्याळ काढून ठेवणारा माणूस कुणाच्या घरात घ्यायचा नाही.

भविष्य जाणणं काढून टाका. ज्यांना पुढचं माहीत आहे ते एकमेकांशी बोलतात कशाला, हेच मला कधी पटवून घेता आलेलं नाही. आणि दोन भविष्यज्ञांनी एकमेकांविरुद्ध डाव टाकला की लेखकच आधी गोंधळतो.

शेवटी सांगण्याबद्दल. वर जे आकडे दिले त्यांतला जवळपास कुठलाही पुस्तकात येता कामा नये. स्वतःपुरता एक तक्ता करा: काळ १.१ पट, २ पट, १० पट वेगवान असताना तापमान किती भासतं, कोणता रंग कुठे सरकतो, आवाज किती उतरतो. दुपटीला तो बरोबर एक सप्तक उतरतो, हे लक्षात ठेवायला सोपं. तक्ता टेबलाशी चिकटवा आणि लिहिताना फक्त परिणाम दाखवा: ती आत शिरताना शाल घट्ट ओढते, बाहेर आल्यावर दात वाजत असतात, पहारेकऱ्याच्या भुवया करपलेल्या असतात. कारण पन्नास पानांनी कुणीतरी मुलाला समजावताना येऊ दे, किंवा येऊच देऊ नका. पहिल्या प्रकरणातलं आजोबांचं दोन पानी व्याख्यान तर आजच काढा. त्यातलं बर्फातल्या गुहेचं वर्णन तेवढं वाचवा, ते चांगलं आहे, आणि ते सातव्या प्रकरणात, मुलगी पहिल्यांदा तिथे उतरते तेव्हा वापरा.